एक गाणं, एक निळी पट्टी आणि चौदा वर्षं: आनंद पटवर्धनांच्या डॉक्युमेंट्री समजून घेताना

हा आपल्या ताज्या भागाचा लिखित मजकूर. ऑडिओमध्ये नावं आणि वर्षं भरभर निघून जातात, लोकलच्या गर्दीत ऐकत असाल तर अर्धी कानातच शिरत नाहीत. म्हणून इथे तेच सगळं जरा सावकाश, आणि थोडी भर घालून.

आजचा विषय आहे आनंद पटवर्धन. मुंबईचा माणूस, जन्म १९५०चा. डॉक्युमेंट्री बनवणं हे एकच काम त्यांनी जवळपास पन्नास वर्षं केलं. आता 'माहितीपट' हा शब्द ऐकला की आपल्यातल्या बऱ्याच जणांना जांभई येते, ते मी समजू शकतो. शब्दच असा आहे, की त्यात धरण, खत आणि एक गंभीर आवाज आपोआप येतो. तुमच्या आईबाबांना विचारा. त्यांच्या काळी थिएटरात मुख्य सिनेमाच्या आधी फिल्म्स डिव्हिजनचा सरकारी माहितीपट सक्तीने लागायचा आणि लोक तेवढ्या वेळात पॉपकॉर्न घेऊन यायचे. पटवर्धनांचं काम या प्रकाराच्या अगदी उलट्या टोकाचं आहे. पण त्यांच्यापासून सुरुवात नको. एका गाणाऱ्यापासून करू.

विलास घोगरे

१९८०च्या दशकाची सुरुवात. मुंबईत झोपड्या पाडायची मोहीम जोरात होती. पटवर्धन कॅमेरा घेऊन फुटपाथवर आणि झोपडपट्ट्यांमध्ये फिरत होते. त्यातून १९८५ मध्ये 'हमारा शहर' ही फिल्म तयार झाली. या फिल्ममध्ये एक शाहीर गातो. गाव सोडून आलेल्या, हे शहर स्वतःच्या हातांनी उभं करणाऱ्या आणि त्याच शहराला नकोशा झालेल्या माणसांची व्यथा तो मांडतो. तेच विलास घोगरे. दलित समाजातले, मुलुंडच्या झोपडपट्टीत राहणारे, विचाराने डावे. 'आव्हान नाट्य मंच' या सांस्कृतिक गटातून गाणारे. म्हणजे झेंडा लाल.

आता बारा वर्षं पुढे या. ११ जुलै १९९७. घाटकोपरला पूर्व द्रुतगती महामार्गाला लागून माता रमाबाई आंबेडकर नगर ही वस्ती आहे. बाबासाहेबांच्या पत्नीचं नाव असलेली. त्या दिवशी सकाळी वस्तीतल्या बाबासाहेबांच्या पुतळ्याला कुणीतरी चपलांचा हार घातल्याचं लोकांना दिसलं. लोक चिडून रस्त्यावर आले. राज्य राखीव पोलीस दलाची तुकडी आली आणि तिने गोळीबार केला. दहा माणसं मेली.

चार दिवसांनी विलास घोगरेंनी आपलं आयुष्य संपवलं. मरताना त्यांनी डोक्याला निळी पट्टी बांधलेली होती, आणि मारल्या गेलेल्यांना अभिवादन करणारा मजकूर लिहून ठेवला होता.

लाल झेंड्याखाली आयुष्यभर गायलेल्या माणसाने शेवटी निळी पट्टी का बांधली? पटवर्धनांना हा प्रश्न सुटेना. ते कॅमेरा घेऊन निघाले आणि चौदा वर्षं शूटिंग करत राहिले. २०११ मध्ये 'जय भीम कॉम्रेड' पूर्ण झाली. तीन तासांहून मोठी. तिच्या नावातच तो प्रश्न आहे बघा: दोन वेगवेगळ्या वस्त्यांमधले, दोन वेगवेगळ्या चळवळींमधले नमस्कार एका ओळीत शेजारी बसवलेले.

त्या आधीचा माणूस

थोडं मागे जाऊ, पण पटकन. मुंबईत इंग्रजी साहित्यात पदवी, मग अमेरिकेत ब्रँडाइस विद्यापीठात समाजशास्त्र. तिथे तेव्हा व्हिएतनाम युद्धाच्या विरोधातलं वातावरण तापलेलं होतं आणि पटवर्धन त्यात होते. परत येऊन मध्य प्रदेशात 'किशोर भारती' या ग्रामीण शिक्षणाच्या प्रकल्पात काम. मग १९७४ मध्ये बिहार, जयप्रकाश नारायणांचं आंदोलन. 'क्रांती की तरंगें' ही पहिली फिल्म तिथली. साधनं अगदी जुजबी होती. पुढे जून १९७५ मध्ये आणीबाणी लागली आणि जेपींच्या आंदोलनावरची फिल्म जवळ बाळगणं हीच भानगड झाली. प्रिंटचे तुकडे करून ते वेगवेगळ्या माणसांबरोबर देशाबाहेर पाठवले गेले आणि परदेशात पुन्हा जोडले गेले. आपण आज एखादी क्लिप दोन सेकंदात फॉरवर्ड करतो. ही फिल्म सुटकेसमधून, तुकड्यातुकड्यांनी फॉरवर्ड झाली होती.

मग कॅनडात शिकायला गेले असताना ब्रिटिश कोलंबियातल्या शेतमजुरांवर 'अ टाइम टू राइज' (१९८१). तिथले बहुतेक मजूर पंजाबहून गेलेले. आणीबाणीतल्या राजकीय कैद्यांवर 'जमीर के बंदी' (१९७८) झाली होती. पंजाब पेटलेला असताना भगतसिंगांच्या वारशावर 'उना मित्रां दी याद प्यारी' (१९९०). ही यादी वाचून दाखवायचा मला कंटाळा येतो, तुम्हालाही येईल, त्यामुळे इथेच थांबतो. एवढंच लक्षात ठेवा, की बिहार असो, कॅनडा असो की पंजाब, हा माणूस जिथे भांडण चालू आहे तिथे जातो, आणि ज्यांचं म्हणणं पेपरात एका ओळीत येतं त्यांच्याजवळ जाऊन बसतो.

आता साधनांबद्दल एक गोष्ट सांगतो, कारण त्याशिवाय चौदा वर्षं म्हणजे काय ते कळणार नाही. 'हमारा शहर'च्या काळात असल्या फिल्म सोळा मिलिमीटरच्या रिळावर शूट व्हायच्या. चारशे फुटांचं एक रीळ साधारण अकरा मिनिटं चालतं. रीळ महाग, ते धुऊन घेणं महाग, आवाज वेगळ्या यंत्रावर रेकॉर्ड करायचा आणि नंतर चित्राशी जुळवायचा. त्यामुळे कॅमेऱ्याचं बटण दाबण्याआधी दहा वेळा विचार. पुढे व्हिडिओ कॅमेरे छोटे आणि स्वस्त झाले, टेप परत परत घेता आली, आणि एका माणसाला वर्षानुवर्षं एकाच वस्तीत जाऊन शूट करणं परवडायला लागलं. पटवर्धन बऱ्याचदा कॅमेरा स्वतः धरतात, एडिटिंगही स्वतः करतात. 'जय भीम कॉम्रेड' रिळाच्या जमान्यात झालीच नसती.

लाल आणि निळं

आता तो मूळ प्रश्न. यासाठी मुंबईच्या गिरण्यांत जावं लागेल.

गेल्या शतकाच्या सुरुवातीला मुंबईच्या कापड गिरण्यांत विणकामाच्या खात्यात, म्हणजे साच्यांवर, पगार चांगला असायचा. पण त्या खात्यात अस्पृश्य मानलेल्या कामगारांना घेत नसत. कारण काय? धोट्यात नवी कांडी भरली की तिचा धागा धोट्याच्या भोकातून तोंडाने ओढून घ्यावा लागे. म्हणजे एकाचं उष्टं दुसऱ्याला लागणार. सवर्ण कामगारांना ते नको होतं. १९२८च्या मोठ्या गिरणी संपाच्या काळात बाबासाहेबांनी नेमका हाच मुद्दा कामगार पुढाऱ्यांपुढे ठेवला: मालकाकडे हक्क मागताय, मग शेजारच्या कामगाराच्या हक्काचं काय? साऱ्या कामगारांची एकजूट म्हणायची आणि धाग्यापाशी येऊन जात पाळायची, यातली विसंगती त्यांनी उघडी केली. लाल आणि निळ्यातला ताण इतका जुना आहे, आणि तो हवेतल्या सिद्धांतातून आलेला नाही. तो धोट्याच्या भोकाएवढा छोटा आणि ठोस आहे.

आणि तरीही दोन्ही बाजूंना पाय असलेली माणसं महाराष्ट्रात कायम होती. अण्णाभाऊ साठे घ्या. मातंग समाजात जन्म, कम्युनिस्ट कार्यकर्ते, अमर शेख आणि द. ना. गवाणकरांबरोबर 'लाल बावटा कलापथका'त. याच अण्णाभाऊंनी आपली 'फकिरा' ही कादंबरी बाबासाहेबांच्या लेखणीला अर्पण केली. दुसरीकडे सत्यशोधक जलशांची परंपरा होती, त्यातून पुढे आंबेडकरी जलसे आले, भीमराव कर्डकांसारखे लोक गावोगाव फिरले, नंतर वामनदादा कर्डकांची गाणी घराघरांत गेली. ज्या लोकांना शतकानुशतकं पुस्तकापासून लांब ठेवलं त्यांचा इतिहास पुस्तकात कसा असेल? तो गाण्यात होता. चवदार तळं, मनुस्मृतीचं दहन, दीक्षाभूमी, हे सगळं लिहिता-वाचता न येणाऱ्या आजींना तोंडपाठ होतं, कारण ते चालीवर बांधलेलं होतं.

विलास घोगरे या दोन प्रवाहांच्या मध्ये उभे होते. आपल्या डाव्या संघटनेपासून ते शेवटच्या काळात दुरावले होते, आणि ते दुरावणं त्यांना लागलं होतं. फिल्म हे झाकत नाही. पटवर्धनांची स्वतःची सहानुभूती डावीकडे आहे हे उघड आहे, तरी डाव्यांनी जातीचा प्रश्न 'नंतर बघू' म्हणून किती वेळा बाजूला ठेवला, हा हिशेब ते मांडतात. आणि त्याच वेळी निळ्या झेंड्याखालचे काही पुढारी निवडणुकीच्या हंगामात कुणाकुणाच्या मांडीला मांडी लावून बसले, तेही कॅमेऱ्यात येतं. दोन्ही बाजूंना थोडं थोडं टोचेल अशी ही फिल्म आहे.

तीन तास नेमकं काय दिसतं?

एक धागा गोळीबाराचा आहे. पोलिसांचं म्हणणं होतं, की जमाव महामार्गावरचे गॅसचे टँकर पेटवायला निघाला होता, स्फोट होऊन मोठी जीवितहानी झाली असती, म्हणून गोळ्या झाडाव्या लागल्या. फिल्म वस्तीत जाऊन साधा प्रश्न विचारते: टँकर कुठे होते आणि माणसं कुठे मेली? गोळी लागली तेव्हा कोण काय करत होतं? चौकशीसाठी नेमलेल्या गुंडेवार आयोगाने हा गोळीबार समर्थनीय नसल्याचं म्हटलं. खटला मात्र रखडत राहिला. २००९ मध्ये सत्र न्यायालयाने गोळीबाराचा आदेश देणाऱ्या उपनिरीक्षकाला जन्मठेप सुनावली, पुढे उच्च न्यायालयातून त्याला जामीन मिळाला. या बारा वर्षांत वस्तीतली मुलं मोठी झाली, काही साक्षीदार थकले. चौदा वर्षं शूटिंग चालण्याचं एक कारण हेही आहे. न्यायालयाचं काम ज्या गतीने चालतं, त्याच गतीने कॅमेऱ्याला चालावं लागलं.

दुसरा धागा गाण्यांचा. माझ्या मते फिल्मचा जीव इथे आहे. वस्तीतल्या बायका, मुलं, कव्वालीच्या बाजाने भीमगीतं म्हणणारे पार्टीवाले, डफ घेऊन उभे राहिलेले शाहीर. संभाजी भगत आहेत. गाणी अर्धवट कापून मागे पार्श्वसंगीतासारखी सोडलेली नाहीत, तुम्हाला ती ऐकावीच लागतात. इतिहासावरच्या बहुतेक फिल्ममध्ये एक प्राध्यापक खुर्चीत बसून समजावून सांगतात. इथे ते काम गाणी करतात.

तिसरा धागा बाकीच्या मुंबईचा. सहा डिसेंबरला चैत्यभूमीवर लाखो लोक येतात, आणि दादरच्या परिसरात राहणाऱ्या, फिरायला आलेल्या लोकांना पटवर्धन विचारतात, या गर्दीबद्दल तुम्हाला काय वाटतं? उत्तरं ऐकताना अंगावर काटा येतो. कुणी शिव्या देत नाही. सगळे सभ्यपणे, हसत हसत बोलतात, घाण होते वगैरे म्हणतात. जात म्हणजे गावाकडची गोष्ट, आमच्या शहरात ती कुठे, असं ज्यांना वाटतं त्यांनी हा भाग जरूर बघा. खैरलांजीही फिल्ममध्ये येते, २००६ मध्ये भोतमांगे कुटुंबातल्या चौघांची हत्या झाली ती.

आणि मग पुण्याचा 'कबीर कला मंच'. २००२च्या गुजरात दंगलींनंतर उभा राहिलेला तरुण मुलामुलींचा गट, तुमच्याच वयाची मुलं. त्यात शीतल साठे गाते. तिचा आवाज ऐकला की विलास घोगरेंची परंपरा संपलेली नाही हे कळतं. फिल्म तिच्या आईलाही भेटते. मुलगी देव मानत नाही, आई मानते, आणि तरी एका घरात दोघींचं काय चालतं, ते बघताना हसूही येतं आणि घशाशीही येतं. फिल्म पूर्ण व्हायच्या सुमारास या मंचावर नक्षलवादी असल्याचा आरोप झाला, काहींना अटक झाली, काही भूमिगत झाले. म्हणजे जी मुलं काल कॅमेऱ्यासमोर गात होती ती फिल्म लागेपर्यंत गायब. पटवर्धन आणि इतरांनी मिळून त्यांच्या बचावासाठी समिती काढली. एप्रिल २०१३ मध्ये शीतल साठे आणि सचिन माळी विधान भवनाबाहेर स्वतःहून हजर झाले. शीतल तेव्हा गरोदर होती. तिला काही आठवड्यांनी जामीन मिळाला.

फिल्म तयार झाल्यावर ती आधी कुणी पाहिली? वस्त्यांनी, चाळींनी. मैदानात पडदा बांधून, शेकडो लोक जमिनीवर बसून, तीन तास. ओटीटीवर आपण दहा मिनिटांत कंटाळतो, ते आठवलं.

एक बाई ओरडते

आता आक्षेप. ते आहेत, आणि ते टाळून पुढे गेलो तर हा भाग म्हणजे नुसती आरती होईल. एक आक्षेप असा, की पटवर्धन आधीच ठरवलेली बाजू घेतात. दुसरा जास्त टोकदार आहे: ब्राह्मण घरातला, परदेशात शिकलेला माणूस दलितांच्या दुःखावर फिल्म काढतो, पुरस्कार घेतो, हे कसं?

पहिल्यावर माझं मत सांगतो. हो, ते बाजू घेतात आणि लपवत नाहीत. पण विरोधी बाजूला ते मोकळं बोलू देतात. 'राम के नाम' बघताना हे फार जाणवतं. दुसऱ्या आक्षेपाचं पुरतं उत्तर कुणाकडेच नाही असं मला वाटतं. पण तो आक्षेप पटवर्धनांच्या स्वतःच्या फिल्ममध्ये १९८५ पासून बसलेला आहे. 'हमारा शहर'मध्ये, झोपड्या पाडल्यानंतर, एक बाई थेट कॅमेऱ्यावर भडकते. तुम्ही येणार, आमचे फोटो काढणार, नाव कमावणार, आम्हाला काय मिळणार, असा तिचा सूर. कुठल्याही दिग्दर्शकाला हे कापून टाकणं सोपं होतं. ते ठेवलं गेलं. आणि पुढच्याच वर्षी कफ परेडची संजय गांधी नगर ही वस्ती पाडली गेली तेव्हा पटवर्धन तिथल्या रहिवाशांबरोबर उपोषणाला बसले, शबाना आझमीही होत्या. एवढ्याने त्या बाईचा प्रश्न मिटला असं मी म्हणणार नाही.

पुजारी लालदास

'राम के नाम' (१९९२). १९९० मध्ये लालकृष्ण अडवाणींची रथयात्रा सोमनाथहून निघाली. पटवर्धन त्या वातावरणात शूट करत होते, अयोध्येपर्यंत गेले. फिल्ममधली त्यांची पद्धत फार साधी आहे. पडद्यामागून त्यांचा आवाज येतो आणि एखादा शाळकरी वाटेल असा प्रश्न विचारतो. रामाचा जन्म कधी झाला, कुठल्या शतकात? समोरचा सुशिक्षित माणूस अडखळतो, शेजारच्याकडे बघतो. निवेदक काही बोलत नाही. बोलायची गरजच पडत नाही.

१९४९च्या डिसेंबरमध्ये बाबरी मशिदीत रामाच्या मूर्ती कशा ठेवल्या गेल्या, हे त्यात सहभागी असलेले एक महंत स्वतः कॅमेऱ्यासमोर सांगतात. आणि त्या जागेवर न्यायालयाच्या व्यवस्थेखाली पूजा करणारे पुजारी लालदास, हे या आंदोलनाच्या विरोधात बोलतात. शांतपणे, अवधी वळणाच्या हिंदीत, की हा सगळा खेळ सत्तेचा आणि पैशाचा आहे. १९९२ मध्ये त्यांना पुजारीपदावरून हटवलं गेलं. ६ डिसेंबरला मशीद पाडली गेली. नोव्हेंबर १९९३ मध्ये लालदासांचा खून झाला.

मुलाखत घेतली गेली तेव्हा ती चालू घडामोडींची बाब होती. आज ती इतिहासाचं साधन आहे. अयोध्येतल्या एका रामभक्त पुजाऱ्याला काय वाटत होतं, हे त्याच्याच तोंडून ऐकायचं असेल तर हीच मिनिटं हाताशी आहेत. विलास घोगरेंचं १९८५चं गाणंही असंच. एका फिल्मसाठी शूट केलेलं, सव्वीस वर्षांनी दुसऱ्या फिल्मचा पाया झालं. पटवर्धनांच्या अख्ख्या कारकिर्दीकडे मला असंच बघावंसं वाटतं. ते इतिहास शोधायला जुन्या कागदांत शिरत नाहीत. ते आजची माणसं नीट टिपून, जपून ठेवतात, त्यांच्याकडे परत परत जातात, आणि माणूस गेल्यावर त्या टेपचा इतिहास होतो. आपल्या फोनमध्येही हजारो व्हिडिओ पडलेत की! पण त्यातला कुठला कुणी सव्वीस वर्षं सांभाळून, नावासकट आणि तारखेसकट ठेवलाय?

दूरदर्शन विरुद्ध

फिल्म बनवणं हा अर्धाच भाग. दाखवणं ही वेगळी लढाई. सार्वजनिक ठिकाणी फिल्म दाखवायची तर १९५२च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याखाली सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं. आणि केबल येण्याआधी घराघरांत पोचायचं तर एकच दार: दूरदर्शन. पटवर्धनांचं म्हणणं साधं होतं. माझ्या फिल्मला सरकारच राष्ट्रीय पुरस्कार देतं, मग सरकारी वाहिनी ती का दाखवत नाही? 'हमारा शहर', 'उना मित्रां दी याद प्यारी', 'राम के नाम' या सगळ्या दूरदर्शनवर आल्या त्या कोर्टाच्या वाटेने.

सगळ्यांत गाजलं ते 'पिता, पुत्र और धर्मयुद्ध'चं प्रकरण. १९९५ची फिल्म, दंगली आणि पुरुषी मर्दुमकीची कल्पना यांचं नातं उलगडणारी. तिला दोन राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. दूरदर्शनने नकार दिला. दुसऱ्या भागाला 'ए' प्रमाणपत्र आहे, लोक भडकतील, अशी कारणं. प्रकरण मुंबई उच्च न्यायालयातून सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि २००६ मध्ये निकाल लागला: फिल्म दाखवा. कोर्टाने सांगितलं, की फिल्म तुकड्यातुकड्यांनी जोखायची नाही, ती अखंड बघायची, आणि सर्वसाधारण, शहाण्यासुरत्या माणसाच्या नजरेने बघायची. संविधानातल्या कलम १९(१)(क) मधल्या अभिव्यक्ती स्वातंत्र्याचा हा एक महत्त्वाचा निकाल मानला जातो, कायद्याच्या विद्यार्थ्यांना माहीत असेल. फक्त हिशेब करा: फिल्म १९९५ची, निकाल २००६चा.

मधे 'जंग और अमन' आली, २००२ मध्ये. पोखरणच्या अणुचाचण्यांनंतरचा भारत आणि पाकिस्तान. सेन्सॉरने एकवीस काटछाटी सांगितल्या. पुन्हा उच्च न्यायालय, आणि २००३ मध्ये एकही कट न देता परवानगी. नंतरची 'विवेक' (२०१८) दाभोलकर, पानसरे, कलबुर्गी आणि गौरी लंकेश यांच्या खुनांभोवती फिरते. ॲमस्टरडॅमच्या 'इडफा' या डॉक्युमेंट्रीच्या मोठ्या महोत्सवात तिला सर्वोत्तम फिल्मचा मान मिळाला. २०१९ मध्ये केरळच्या महोत्सवात ती दाखवायला केंद्राने सूट नाकारली, तेव्हा केरळ उच्च न्यायालयाने परवानगी दिली. वकिलांची फी हा यांच्या बजेटमधला कायमचा रकाना असणार, असं मला गमतीने वाटतं.

शेवटी आईबाबा

२०२३ मध्ये टोरांटोच्या महोत्सवात 'वसुधैव कुटुंबकम' दाखवली गेली, आणि पटवर्धनांना ओळखणारे चकित झाले. ना मोर्चा, ना दंगल. आईबाबा, चहा, थट्टामस्करी.

म्हाताऱ्या होत चाललेल्या आईवडिलांना ते अधूनमधून घरातच शूट करत होते. वडील बाळू पटवर्धन, अहमदनगरच्या घराण्यातले. त्यांचे भाऊ रावसाहेब आणि अच्युतराव पटवर्धन. अच्युतराव म्हणजे १९४२ मध्ये भूमिगत राहून लढलेले समाजवादी पुढारी. आई निर्मला सिंधमधल्या हैदराबादच्या. शांतिनिकेतनात शिकल्या आणि पुढे देशातल्या नावाजलेल्या कुंभारकाम कलाकार झाल्या. त्यांचे वडील भाई प्रताप, म्हणजे फाळणीनंतर सिंधी निर्वासितांसाठी कच्छमध्ये गांधीधाम वसवणारे. एकाच घरात नगर आणि सिंध, गांधी आणि समाजवाद, स्वातंत्र्य आणि फाळणी.

फिल्ममध्ये सिंधचे पंतप्रधान राहिलेल्या अल्लाबक्ष सूमरोंची आठवण येते. मुसलमान असून ते धर्माच्या आधारावर देश तोडायच्या विरोधात होते, आणि १९४३ मध्ये त्यांचा खून झाला. शाळेच्या पुस्तकात हे नाव किती जणांनी वाचलंय? इथे ते घरगुती गप्पांमधून येतं. बाबा विनोद करतात, आई त्यांना गप्प करते, आणि मधूनच एक अख्खं दशक उलगडतं. पडद्यामागून प्रश्न विचारणारा आवाज तोच, फक्त इथे त्याला समोरून 'काय रे, किती शूट करतोस' अशा नजरेने उत्तर मिळतं.

कुठून सुरुवात करायची?

बऱ्याच जणांनी हे मेसेज करून विचारलं होतं. पटवर्धनांच्या बऱ्याच फिल्म यूट्यूबवर आहेत, 'विवेक' तर भागाभागांत टाकलेली आहे, म्हणजे प्रवासात एकेक भाग बघता येतो. 'राम के नाम' दीड तासाच्या आत संपते, पहिल्यांदा बघणाऱ्यांना ती बरी. 'वसुधैव कुटुंबकम' कुठे लागली तर घरच्या मोठ्या माणसांना घेऊन जा, गप्पा रंगतील. 'जय भीम कॉम्रेड' फोनवर, अर्ध्या कानाने बघू नका. एखाद्या रविवारी चारपाच जण मिळून मोठ्या पडद्यावर लावा, आणि 'हमारा शहर' तिच्या आधी बघा. म्हणजे विलास घोगरे आधी तुम्हाला फक्त एक गाणारा माणूस म्हणून भेटतील.